शिंगं आणि पिसं

काहनवागे
६ फेब्रुवारी १९५५

अँब्रोज,

खुशाली विचारत नाही. तुझी खुशाली मला पाद्र्याकडून कळली. मी त्याच्या चर्चमध्ये पाऊल ठेवत नाही हे त्याला पक्कं माहीत आहे, म्हणून तो स्वतः वर्तमानपत्र घेऊन माझ्या दारात आला, बुटांवरचा बर्फ झटकला आणि म्हणाला, "बाई, तुमचा भाचा काय रुबाबदार दिसतो बघा." गेले चार दिवस तो गावात भेटेल त्याला तो कागद दाखवत फिरतोय.

पाहिला मी फोटो. न्यू यॉर्कमधल्या त्या अर्ध्या उभ्या राहिलेल्या इमारतीच्या पायथ्याशी तू हाताची घडी घालून उभा, आणि डोक्यावरून पार ढुंगणापर्यंत लोंबणारा पिसांचा डोलारा. असलं काही आपल्या मोहॉकांत कधी कोणी घातलंय का? तो साज पश्चिमेच्या माळावरच्या लोकांचा, आणि त्यांच्यातही तो कमवावा लागतो. तू तो कुठल्या नाटकवाल्याच्या पेटाऱ्यातून उचललास? शेजारची अगाथा भिंग घेऊन बसली आणि म्हणाली, ही टर्कीची पिसं आहेत, रंगवलेली. खाली छापलंय, 'चीफ अँब्रोज, ज्यांच्या रक्तातच भीती नाही त्या मोहॉकांचा राजा.' राजा म्हणे. तुझी आई जिवंत असती तर तिनं त्या कागदात माशांची आतडी गुंडाळली असती. मी चुलीत घातला.

आता कामाचं बोलते. सहा वर्षांपूर्वी अस्वल कुळाच्या आम्ही बायकांनी प्रमुखपदाची हरणाची शिंगं तुझ्या डोक्यावर ठेवली, ती माझ्या या हातांनी. तुझ्याहून वयानं मोठे दोघे होते, तुझ्याहून गोड बोलणारे चार होते. मी म्हटलं, अँब्रोज आधी ऐकून घेतो, मग बोलतो, तोच हवा. लांबघराच्या सभेत आम्ही बायका बोलत नाही, आमचं म्हणणं आमचा माणूस मांडतो. तेव्हा ते तोंड तुझं नाही, आमचं आहे, आणि ते तू फोटोवाल्यांना वापरायला दिलंस. गेल्या महिन्यात मध्यहिवाळ्याच्या सणाला तू आला नाहीस. मी सगळ्यांना सांगितलं, काम असेल. काम काय होतं ते आता गावाला दिसलं.

कालव्याचे लोक नदीकाठावर लाल फडक्यांच्या खुंट्या ठोकून गेलेत. मोठ्या जहाजांसाठी वाट खणायची आहे, तेव्हा काठ त्यांना हवा, अगाथाचं परसू आणि माझी होडी लावायची जागा धरून. पाच मार्चला सभा आहे. कासव, लांडगा आणि अस्वल या तिन्ही कुळांचं एक मत झाल्याशिवाय लांबघर एक शब्द बोलू शकत नाही. तू आलाच पाहिजेस.

ही पहिली ताकीद समज. तिसरीनंतर शिंगं निघतात, हे तुला शिकवायला नको. ताकीद खरं तर तोंडावर द्यायची असते. तुझं तोंड वर्तमानपत्राशिवाय दिसत नाही, म्हणून तिकीट लावून पाठवतेय.

फिलोमीन
अस्वल कुळाची आई

*

ब्रुकलिन
१९ फेब्रुवारी १९५५

प्रिय मावशी,

अगाथाला माझी शाबासकी सांग. पिसं टर्कीचीच आहेत. आणि पहिल्या दिवशी पाऊस आला तेव्हा त्यांचा लाल रंग माझ्या मानेवर उतरला, तो दोन दिवस निघाला नाही.

तू उगाच कपाळाला हात लावून बसलीस. इथं मुकादम आपल्यातल्या प्रत्येकाला 'चीफ' म्हणतो, मग तो हातोडा चालवो की शौचालय धुवो. त्यात माझ्या शिंगांचा काय अपमान झाला? कंपनीनं जाहिरातीच्या कामाला एक माणूस ठेवलाय, विल्कॉक्स नावाचा. त्याच्या कोटाचं बटण पोटावर लागत नाही आणि शब्द तोंडात मावत नाहीत. त्यानं कुंपणाच्या दाराशी एक छोटी खोली बांधली, आत माझी खुर्ची ठेवली. इमारतीत पैसा घातलेले लोक आपापल्या बायका घेऊन बघायला येतात. त्यांना मी सांगायचं की मोहॉक माणूस उंचावरच्या लोखंडी तुळईवरून कसा चालतो.

आणि काय एकेक विचारतात, मावशी. एकीनं विचारलं, तुमच्या कानात काही वेगळं असतं का, मांजराच्या असतं तसं. मी म्हटलं, असतं, पण ते फक्त पौर्णिमेला दाखवतो. एका प्राध्यापकानं माझे बूट काढायला लावून पाऊल फूटपट्टीनं मोजलं. त्याला वाटत होतं, जंगलातल्या पायवाटांमुळे आपण पावलापुढे पाऊल टाकतो. तुळई वीतभर रुंद असते. तिच्यावर त्यानं बदकासारखं चालून दाखवावं. मी त्याला गंभीरपणे सांगितलं की आमच्याकडे मूल रांगायला लागलं की त्याला ससाण्याचं अंडं भरवतात. त्यानं ते लिहून घेतलं. स्पेलिंग विचारलं. हे शिकलेले लोक आहेत, हे देश चालवतात, आणि यांच्यासमोर खरं बोलायचं म्हणजे डुकरांपुढे मेजवानी मांडणं आहे.

तर मजेत आहे. दिवसभर बसून असतो, थंडी लागत नाही. आमच्या चौकडीतला इग्नेस हल्ली माझ्याशी बोलत नाही. त्याला बहुतेक पिसं हवी होती.

पाच मार्चला बँकवाल्यांच्या बायकांची सहल आहे, विल्कॉक्स सोडणार नाही. माझ्या वतीनं कोणीतरी बोला. 'नाही' म्हणायचं आहे ना, त्याला मी कशाला हवा?

तुझा,
अँब्रोज

*

काहनवागे
९ मार्च १९५५

अँब्रोज,

तू मला 'मावशी' लिहिलंस. आपल्यात आईच्या बहिणीलाही आईच म्हणतात. तू बोलायला लागलास तेव्हापासून मला आई म्हणत आलास. त्या बँकवाल्यांच्या बायकांत बसून तुला एकदम मावश्या झाल्या वाटतं.

सभा झाली. म्हणजे झाली नाही. कासवं बोलली, लांडगे बोलले, मग सगळ्यांनी आमच्या बाजूला बघितलं. अस्वलांचा बाक मोकळा. मी आणि आपल्या कुळाच्या अकरा बायका मागे भिंतीला लागून बसलो होतो, प्रत्येकीच्या पोटात बोलायचं होतं आणि एकीलाही तोंड नव्हतं. माझ्या वतीनं कोणीतरी बोला म्हणतोस. शिंगं म्हणजे काय हातमोजा आहे, कोणाच्याही हातात घालायला? कासवांच्या म्हाताऱ्यानं थोडा वेळ वाट पाहिली आणि सभा उठवली. आता चोवीस एप्रिलला. तोवर कालव्यावाल्यांनी आणखी चाळीस खुंट्या ठोकल्यात. त्यांना सभेची वाट बघावी लागत नाही.

घरी आले तर इग्नेसची बायको तेरेझ येऊन बसली होती. तिच्याकडून बाकीचं कळलं. इग्नेस तुझ्याशी का बोलत नाही ते तू मला सांगितलं नाहीस, पिसांचा विनोद केलास. तुमची चौकडी चौदा वर्षांची. इग्नेस भट्टीवर रिव्हेट तापवून फेकायचा, धाकटा डेलिल डब्यात झेलून भोकात बसवायचा, थोरला मागून दांडा टेकवायचा आणि तू हवेचा हातोडा मारायचास. अशा चौकडीत एकजण आला नाही तर बाकीचे तिघं वर जात नाहीत, तो येईपर्यंत खाली बसतात. थोरल्या डेलिलची बायको बाळंतपणात गेली तेव्हा तुम्ही तिघं पंधरा दिवस त्याच्या पायरीवर बसलात. मला अभिमान वाटला होता तुझा. आणि आता तू त्या तिघांना सांगितलंस, "मला खुर्ची मिळालीये, तुम्ही तुमचं बघा." तेरेझ म्हणते, इग्नेस तुझ्या बुटांवर थुंकला. चांगलं केलं. मी असते तर एवढं खाली थुंकले नसते.

तुझ्यासारखे मी पाहिलेत. गोऱ्यांना हसतात, गोऱ्यांना फसवलं म्हणून टाळ्या पिटतात, आणि रोज सकाळी त्यांच्याच दाराशी वेळेवर हजर. ससाण्याचं अंडं त्या प्राध्यापकानं नाही खाल्लं, तूच खाल्लंस.

ही दुसरी ताकीद. दुसऱ्या वेळी दोघींनी द्यायची असते म्हणून खाली अगाथाचीही सही आहे. ती म्हणते, तिच्या वतीनं आणखी दोन शब्द लिही. ते मी लिहीत नाही, कागद जळेल.

फिलोमीन
अगाथा

*

ब्रुकलिन
२१ मार्च १९५५

मावशीस,

हो, मावशीच. जी बाई भाच्याला अकरा जणींसमोर वाचून दाखवायची पत्रं लिहिते, तिला दुसरं काय म्हणू?

शिंगं घालताना तुम्हीच म्हणता ना, प्रमुखाची कातडी सात बोटं जाड असावी, कोणाचं बोलणं आत जाऊ नये. माझी आहे. तुझी दोन्ही पत्रं मी खिशात घालून फिरतो आणि जेवतो व्यवस्थित. पण एक विचारू? तुम्ही बायका तिथं चुलीपुढे बसून पुरुषांचे हिशेब करता, कोण घरी आला, कोण सणाला चुकला, कोण कोणाच्या पायरीवर किती दिवस बसला. तुमच्यातली एक तरी कधी त्या लोखंडावर उभी राहिलीये? शुक्रवारी आमच्या गाड्या येतात, तुम्ही मक्याची भाकरी उकडून ठेवता, रविवारी आम्ही परत जातो. मधल्या पाच दिवसांत आम्ही कुठं असतो ते तुम्हाला फक्त आमच्या फुशारक्यांतून कळतं. त्या फुशारक्यांवर तुम्ही विश्वास ठेवता. मग विल्कॉक्सच्या पाहुण्यांत आणि तुमच्यात फरक काय? ते निदान पैसे मोजून येतात.

इग्नेस थुंकला ते खरं. दुसऱ्या दिवशी त्यानं न्यूफाउंडलंडचा एक बरा माणूस चौथा म्हणून घेतला. त्यांचं काम अडलं नाही, त्यांच्या घरची चूल विझली नाही. मग माझ्या खुर्चीचं एवढं दुःख कोणाला?

मी बरा आहे. मॅकॉम्बर बाईंच्या घरातली वरची खोली सोडली, आता त्यांच्याकडेच तळमजल्यावर मागच्या बाजूला राहतो. खिडकी भिंतीकडे उघडते, पण लागत नाही काही. तिथून कामाला चालतच जातो.

शिंगांचं म्हणशील तर काढून घे. तिसऱ्या ताकिदीचं तिकीट वाचव. कोणा भल्या माणसाच्या डोक्यावर ठेव, जो सणाला येतो, सभेला येतो, बुटांवर थुंकून घेत नाही. मला त्यांचं ओझं होत होतंच.

अँब्रोज

*

काहनवागे
२ एप्रिल १९५५

अँब्रोज,

ही ताकीद नाही. एक प्रश्न आहे, आणि तो मी एकटीनं विचारतेय, पत्र कोणाला दाखवलेलं नाही.

मॅकॉम्बर बाईंच्या घरी मी तुझ्याकडे दोनदा राहिलेय. वरची खोली चौथ्या मजल्यावर. तिथून बंदरातल्या बोटी दिसायच्या, आणि तू खिडकीच्या चौकटीवर बाहेर पाय सोडून दाढी करायचास, मी ओरडायचे. त्या खोलीसाठी तू दोन वर्षं थांबला होतास. आता तळमजल्यावर, मागे, भिंतीकडची. आणि कामाला चालत जातोस. तुझ्या घरापासून तुझी इमारत चालत दीड तास आहे, मधे नदीवरचा पूल. पुलावरून आगगाडी धडधडत जाते, तिला पाच मिनिटं लागतात. तू पुलावरून चालत जातोस की दुसरीकडून, नदीखालच्या भुयारातल्या गाडीनं जातोस आणि मला चालत म्हणून सांगतोस?

तुझ्यासारखा गर्विष्ठ माणूस उगाच खिडकी सोडत नाही. मी तुझ्या पिसांवर तोंडसुख घेत बसले आणि तू मला घेऊ दिलंस. तुला ते सोयीचं होतं, असं मला आता वाटायला लागलंय. मला मूर्ख बनवलेलं आवडत नाही.

काय झालंय?

फिलोमीन

*

ब्रुकलिन
१० एप्रिल १९५५

आई,

काही झालं नाही. तेच तर सांगायचं आहे. कोणी पडलं असतं तर मला सांगायला काहीतरी असतं.

ऑक्टोबरची सकाळ होती, वारा नाही, ऊन स्वच्छ. अठ्ठाविसावा मजला. आमची उभं राहून काम करायची फळी खांबापलीकडे बांधली होती आणि मला एका तुळईवरून तिकडे जायचं होतं, सोळा-सतरा पावलं. मधे माझं लक्ष बुटाच्या नाडीकडे गेलं. सैल झाली होती, सुटलीही नव्हती. मनात आलं, नाडी. मग आलं, घोटा. मग गुडघा. मी सोळा वर्षं चालतोय आणि एकदाही पायांना विचारलं नव्हतं की बाबांनो, हे तुम्ही कसं करता. त्या दिवशी विचारलं, आणि त्यांना उत्तर येईना. पाय उचलेनात. मी खाली बसलो, तुळईच्या दोन्ही बाजूंना तंगड्या टाकल्या आणि ढुंगणानं घासत परत आलो, नवखी पोरं येतात तसा. पलीकडे इग्नेस सांडशीत रिव्हेट धरून थांबला होता. पांढऱ्याचा लाल झाला, लालाचा काळा झाला. मी म्हटलं, मनगट लचकलं.

पट्टी बांधली. आणि मग ते तिघं खाली बसले, आई. नियमच तसा. नऊ दिवस कोपऱ्यावरच्या खानावळीत माझ्या मनगटाची वाट बघत बसले. मुकादमानं चौथा माणूस देऊ केला तर इग्नेस म्हणाला, "आमचा चौथा आहे, त्याचा हात बरा होतोय." रोज सकाळी माझ्यासाठी अंडी मागवायचे. धाकट्या डेलिलनं कुठून तरी अस्वलाची चरबी आणली आणि स्वतः माझं मनगट चोळलं. त्या मनगटाला काहीही झालेलं नव्हतं.

दहाव्या दिवशी विल्कॉक्स आला आणि विचारलं, तुमच्यातलं कोणी पिसं घालून बसेल का. सगळे हसले. मी हात वर केला, तोच, पट्टी बांधलेला.

इग्नेसला खरं सांगितलं असतं तर काय झालं असतं तुला माहीत आहे. तो म्हणाला असता, ठीक आहे, आपण चौघं खाली उतरू, गोदामात काम बघू. दोघे डेलिल मान डोलावते. न्यू यॉर्कमधले चार सर्वांत चांगले रिव्हेटवाले खोकी उचलत बसते, कारण अँब्रोजला नाडी दिसली. हलकट म्हटलं की मात्र लोक थुंकून पुढे जातात. म्हणून हलकट झालो. हे सगळं त्यांच्यासाठी केलं असं लिहायला छान वाटतं, पण ते अर्धंच खरं. उरलेलं अर्धं असं, की मला त्या तिघांनी दया आल्यासारखं बघितलेलं चाललं नसतं. शिवी चालते.

आता दिवसभर त्या खोलीत बसून मी सांगतो की आमच्या रक्तात भीती नाही, आणि संध्याकाळी स्टेशनचा उघडा जिना उतरताना म्हाताऱ्या बाईसारखा कठडा धरतो. हो, भुयारातूनच जातो. तुझं बरोबर आहे.

गावी आलो नाही ते याच्यासाठी. गावात प्रत्येक घरात पोलादावर चाललेला माणूस आहे. माझी चाल बघून ते ओळखतील. सभेत उभा राहिलो तर माझ्या बोलण्यापेक्षा माझ्या पायांकडे बघतील. मला बाकापर्यंत चालायची भीती वाटली, आई, सपाट जमिनीवर.

हे कोणाला सांगू नकोस. इग्नेसला तर नाहीच.

अँब्रोज

*

काहनवागे
१ मे १९५५
(इग्नेसच्या हाती)

अँब्रोज,

हे पत्र घेऊन आलेला माणूस तुझ्यासमोर उभा असेल. त्याला बसायला सांगू नकोस, तू वाचून होईपर्यंत तो उभाच राहणार आहे. आणि तो काही बोलणार नाही, मी बजावलंय.

कोणाला सांगू नकोस असं तू लिहिलंस. शिंगांबद्दलचं पत्र माझं एकटीचं नसतं, कुळाचं असतं. मी ते अकरा जणींना मोठ्यानं वाचून दाखवलं, नाडीपासून कठड्यापर्यंत सगळं. तेरेझ अस्वल कुळातलीच असल्यामुळे त्याच दिवशी ते इग्नेसपर्यंत पोचलं. तो माझ्याकडे आला, भाकरीचे दोन तुकडे खाल्ले आणि मग म्हणाला, "लोभी झाला असं वाटलं तेव्हा मी एकदाच थुंकलो. आता मला कळतंय की त्यानं नऊ दिवस माझी अंडी खाल्ली आणि मला सांगण्याच्या लायकीचा समजला नाही." तो आधी होता त्याच्या दुप्पट चिडलाय. तुझ्या सगळ्या हुशारीतून एवढंच निघालं.

आता माझं ऐक. तुझी शिंगं काढली. बावीस एप्रिलला, अकरा जणींच्या साक्षीनं. तू रागात लिहिलं होतंस, तिसरी ताकीदही नको, काढून घे, हे मला माहीत आहे. मी शांतपणे काढली. घाबरलास म्हणून नाही. ज्याला भीती वाटत नाही त्याच्या डोक्यावर मी शिंगं कधी ठेवलीच नसती, असा माणूस आमच्या वतीनं काहीही कबूल करून येईल. आणि पिसांसाठीही नाही, तो तर नुसता गाढवपणा. आम्हाला तुझं तोंड हवं होतं, आणि तू तुझे पाय कोणाला दिसू नयेत म्हणून ते एक सण आणि एक सभा आमच्यापासून लपवून ठेवलंस. खुंट्या ठोकल्या जात होत्या आणि तू स्वतःची लाज जपत बसला होतास. त्यासाठी काढली.

शिंगं ओनेसिमला दिली. हो, दूधवाल्या ओनेसिमला. नाक मुरडू नकोस. तो अडखळतो हे खरं. चोवीस तारखेला सभेत कालव्यावाल्यांचा माणूस टोपी मांडीवर घेऊन बसला होता, आणि ओनेसिमला 'नाही' एवढं म्हणायला इतका वेळ लागला की त्या माणसाला ते तीन-चारदा ऐकावं लागलं. कासवांनी 'नाही' म्हटलं, लांडग्यांनी म्हटलं, आम्हीही म्हटलं. लांबघरानं पहिल्यांदा एका तोंडानं 'नाही' म्हटलं. खुंट्या अजून जागच्या जागी आहेत. ते खणणार असं मला दिसतंय. पण आम्ही गप्प बसलो होतो असं त्यांना कोणाला सांगता येणार नाही, आणि तुझ्यामुळे ते जवळजवळ सांगता आलं असतं. हे मी विसरणार नाही, तूही विसरू नकोस.

कुळाच्या आईचं लिहून झालं. आता खाली मी लिहितेय.

तुझं पत्र मी वाचून संपवलं. मग अगाथा हसायला लागली. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. म्हणाली, "माझ्या म्हाताऱ्याचा गुडघा सन अडतीसपासून दुखतोय. नाचताना दुखत नाही, शिकारीत दुखत नाही, शिडी दाखवली की दुखतो." मग दुसरी म्हणाली, आमच्याकडे पाठ आहे. तिसरीच्या नवऱ्याला चक्कर येते, पण फक्त गोठ्याच्या माळ्यावर. तू म्हणालास ना, बायकांना फुशारक्यांपलीकडे काही कळत नाही. ते खरंच निघालं. आम्ही सतरा वर्षं त्या गुडघ्याला लेप लावतोय. आणि तुला वाटत होतं, ते तुझी चाल ओळखतील. ओळखतीलच, गाढवा. त्यांचीच आहे ती.

माझ्या छपराच्या दोन फळ्या या हिवाळ्यात कुजल्या. गावात पोलादावरून उतरलेले नऊ पुरुष आहेत, एकेकाला मी विचारलं, आणि एकेकाचा गुडघा बाहेर आला. तेव्हा मीच चढणार आहे. एकसष्ट वर्षांची आहे, आणि हे लिहितानाच माझे तळवे ओले झालेत.

इग्नेसची गाडी बाहेर उभी आहे. पिसं विल्कॉक्सच्या खुर्चीवर ठेव आणि मागच्या सीटवर बस. रस्ताभर तो तुझ्याशी बोलणार नाही, त्याला बोलतं करायला जाऊ नकोस. मला शिडी धरायला खाली माणूस हवाय, आणि धरणारा असा हवा ज्याला मी वर काय करतेय ते माहीत आहे.

आई